शून्य धरलेले तेल

सोलापूरच्या सात रस्ता चौकातल्या ‘चुरचुर’ या तळणाच्या दुकानात शिरणारी काही माणसे खाद्ययादीकडे पाहण्याआधी दिव्याकडे पाहत. मागणीच्या खिडकीवर तळहाताएवढा एक गोल दिवा होता. बहुतेकांना त्याचे सोयरसुतक नसे. पण आठवड्यातून पाच-सात जण असे येत की जे त्याच्याखाली क्षणभर थांबत, त्याचा हिरवा उजेड डोळ्यांत साठवून घेत आणि मग हलक्या आवाजात, जणू परवानगी मिळाल्यासारखे, खाणे मागत.

अन्विता गड्डम त्यांपैकी एक होती. ती नऊ वर्षांची होती आणि तिला शेंगदाणा चालत नव्हता. सोलापुरात हे वाक्य उच्चारले की माणसे आधी हसत. “शेंगा चालत नाही? मग सोलापुरात ऱ्हाऊन खातीस तरी काय गं?” असे तिला शेजारणींनी, रिक्षावाल्यांनी, एकदा तर शाळेच्या बाईंनीही विचारले होते. सहाव्या वर्षी एका लग्नात तिने भज्याचा एक तुकडा तोंडात टाकला आणि दहा मिनिटांत तिचा गळा आतून मिटत गेला. तिचे वडील व्यंकटेश टॉवेलच्या कारखान्यात माग दुरुस्त करत. त्यांनी तिला उचलून दवाखान्यापर्यंतचे अंतर धावत कापले. आचाऱ्याने शपथ घेऊन सांगितले होते, की तेल सूर्यफुलाचे आहे. त्या दिवसापासून व्यंकटेशांनी माणसाच्या तोंडच्या शब्दावर विश्वास ठेवणे सोडले. पुढची तीन वर्षे अन्विताने घराबाहेर पाण्याखेरीज काही घेतले नाही.

मग तैलपारखी आली.

बोटाएवढी पोलादी कांडी, प्रत्येक फ्रायरच्या तळाशी बसवलेली. तळण्याच्या तेलात जे जे पडते त्याच्या प्रथिनांचे बारीक कण मागे उरतात, तापून, मोडून, ओळखू न येण्याइतके विद्रूप होऊन. त्या कणांवर प्रकाश टाकून ही कांडी त्यांची मूळ ओळख शोधी: हा तिळाचा, हा दुधाचा, हा शेंगदाण्याचा. शेंगदाण्याचा अंश सापडला की दिवा लाल होई आणि खाणे देण्याची खिडकी आपोआप बंद पडे. नवा कायदा झाला होता. वावडे असलेल्यांसाठी प्रत्येक तळणाच्या दुकानात ही कांडी सक्तीची होती आणि तिच्याबरोबर आणखी एक नियमही आला होता: तेलाविषयी कर्मचाऱ्याने तोंडी काहीही सांगू नये. जे सांगायचे ते दिवा सांगेल.

गेले सहा रविवार अन्विता येत होती. फ्राईजचा लहान पुडा घेई, एकेक काडी उजेडात धरून पाही, खाई आणि जाताना काचेपलीकडच्या स्वयंपाकघराकडे हात हलवी. काचेपलीकडून महानंदा गाणिगेर हात हलवी. त्या दोघी एकमेकींशी कधीही बोलल्या नव्हत्या.

महानंदा चौतीस वर्षांची होती आणि दोन्ही फ्रायर तिच्याकडे होते. तिच्या वडिलांचा, अप्पांचा, अक्कलकोट तालुक्यात तेलाचा घाणा होता. तिचे बालपण पेंडीच्या वासात गेले होते. तो तोंडी बंदीचा नियम तिला कधी जाचला नव्हता. आठ वर्षांपूर्वी एका खानावळीत कामाला असताना एका गिऱ्हाइकाने तिला विचारले होते, “यात तीळ नाही ना?” आणि ती हातातले काम न थांबवता म्हणाली होती, “न्हाई ओ, बिनधास्त खावा.” मसाल्यात तीळ होते. तो माणूस वाचला. पण त्याचे सुजत गेलेले ओठ तिला अजून आठवत. आपल्या जिभेपेक्षा ही कांडी बरी, असे ती मनापासून मानत आली होती.

गुरुवारी दुपारी नवे डबे आले. ‘चुरचुर’च्या नऊही दुकानांत ‘लाकडी घाणा आठवडा’ सुरू होत होता. कारखान्यातले पांढरेफटक, बिनवासाचे तेल जाऊन घाण्यावरचे, न गाळलेले, पिवळेधमक तेल येणार होते. पहिल्या फ्रायरमधले सूर्यफुलाचे तेल अजून नवे होते, म्हणून नवे तेल दुसऱ्यात ओतायचे ठरले. महानंदाने डब्याचे झाकण उचलले आणि तिचा हात तिथेच थांबला. तो वास तिला कुणी शिकवावा लागला नव्हता. अप्पांच्या सदऱ्याला तोच वास यायचा.

डब्यावर लिहिले होते: गोडेतेल.

तिने बोट बुडवले, चोळले, हुंगले. मग काचेतल्या लहान झडपेतून बाहेरच्या नसीमाला हाक मारली. नसीमा शेख मागणीच्या खिडकीवर बसे.

“नसीमा, हे शेंगाचं तेल हाय.”

“असंल की. मग?”

“मग काय? ओतल्यावर दिवा लाल व्हायला पायजे.”

“होईल मग. तुम्ही कशाला ब्लडप्रेशर वाढवायलाव?”

तेल ओतले गेले. तापले. कांडीने नियमाप्रमाणे पहिली दोन मिनिटे ताज्या तेलाचा आपला असा रंग, त्यातले आपले असे कण टिपून घेतले आणि त्या सगळ्याला शून्य धरले. कारण प्रत्येक तेलाचा स्वभाव वेगळा आणि कांडीचे काम तेलात काय पडले ते शोधण्याचे होते. तेल मुळात कशाचे आहे ते तिने पुरवठादाराच्या निवेदनावरून घ्यावे, अशी योजना होती. कारखान्यात शुद्ध केलेल्या तेलात प्रथिने जवळजवळ उरतच नाहीत, त्यामुळे या योजनेतून आजवर काही बिघडले नव्हते. घाण्यावरच्या तेलात मात्र ती तशीच तरंगत राहतात आणि शून्यातच धरली जातात.

दिवा हिरवाच राहिला.

नसीमा झडपेतून डोकावली. “बघा. तुमचं नाक खरं का ते?”

महानंदाने कांडी, दिवा आणि खिडकी चालवणाऱ्या यंत्राच्या बोलण्याच्या जाळीशी तोंड नेले. ते बोलत असे, स्वच्छ, छापील मराठीत.

“दोन नंबरमधी कसलं तेल हाय?”

“पुरवठादाराच्या निवेदनानुसार, गोडेतेल.”

“गोडेतेल म्हंजे?”

“गोडेतेल म्हणजे खाण्यास योग्य असे कोणतेही वनस्पतिजन्य तेल. या तेलात शेंगदाण्याचा अंश आढळलेला नाही.”

“बाई गं, ते सगळंच शेंगदाणा हाय!”

“आपली सूचना नोंदवली आहे. धन्यवाद.”

जेवणाच्या सुट्टीत तिने डब्यावरच्या क्रमांकावर फोन लावला. घाणेवाले शरणप्पा कलशेट्टी निघाले, अप्पांच्या ओळखीचे.

“काका, तुम्ही ‘चुरचुर’ला कसलं तेल धाडलाव?”

“गोडेतेल की.”

“कशाचं?”

“गाणिगेराची पोर तू, आणि मला विचारतीस? गोडेतेल शेंगाचंच असतंय. करडीचं असतं तर करडीचं म्हटलो असतो.”

“मग फॉर्मवर शेंगाचं म्हणून का नाही सांगितलाव?”

“फॉर्म कुठला? मशीन बोलत हुती. विचारली, तेल कोणतं? मी म्हटलो, गोडेतेल. धन्यवाद म्हणाली. अजून काय सांगायचं तिला, शेंग कुठल्या रानातली ते?”

महानंदाने डोळे मिटले. त्यांच्या भागात सात पिढ्या जो शब्द एकाच तेलासाठी वापरत आल्या होत्या, तो दूरच्या कुठल्या तरी कचेरीत, ते तेल कधी न हुंगलेल्या कुणीतरी कोशात टाकला होता, आणि त्याच्यापुढे लिहिले होते: कोणतेही. शब्द तोच राहिला होता. त्याच्या पोटातला दाणा तेवढा कुणी काढून घेतला होता.

“काका, ते आत्ता बदलावा. लेकरं खातेत इथं.”

शरणप्पा घाबरले. त्यांनी खरोखरच प्रयत्न केला. तासाभराने त्यांचा फोन आला. डब्यांच्या चालू तुकडीचे निवेदन बंद झाले होते, आता पुढची तुकडी निघताना ते उघडणार होते, तीन आठवड्यांनी. “मी बोललो तिला, बाई, चूक झाली. ती परत धन्यवाद म्हणाली,” ते म्हणाले.

व्यवस्थापक ओंकार साठे पुण्याहून आलेला, सत्तावीस-अठ्ठावीस वर्षांचा होता. तो वाईट नव्हता. वाईट असता तर महानंदाला चिडणे सोपे गेले असते.

“महानंदाताई, मी समजू शकतो. पण तुमचं नाक मी अहवालात कुठल्या रकान्यात लिहू?”

“कुठल्याबी लिहा. दोन नंबर बंद ठेवा तेवढं.”

“घाणा आठवडा सुरू झालाय. बाहेर केवढा फलक लावलाय, पाहिलात ना? मी तक्रार टाकतो. आत्ता, तुमच्यासमोर.”

त्याने टाकली. शुक्रवारी सकाळी उत्तर आले: ‘आपली तक्रार “चव व वास” विभागाकडे वर्ग करण्यात आली आहे.’ ओंकारने मग पुण्याच्या मुख्य कचेरीला फोनही केला. तिकडून सांगण्यात आले, की तेल प्रमाणित आहे, कांडी प्रमाणित आहे आणि दिवा हिरवा आहे. मग नेमकी अडचण काय?

“मी फोन केला, ताई,” तो म्हणाला. “खरंच केला.”

“मग मी दाखवते. एक नंबरमधी सूर्यफूल हाय. ते शून्य धरताना शेंग नव्हती त्यात. ह्या डब्यातलं एक पळी तिथं टाकते. लाल होतंय का नाही बघा.”

ओंकारचा चेहरा उतरला. त्याने आधी छताकडे, तिथल्या कॅमेऱ्याकडे पाहिले. “हे बोलूसुद्धा नका. त्याला हेतुपुरस्सर मिसळ म्हणतात. त्या क्षणी तुम्ही बाहेर, आणि वर पोलीस केस. तुम्ही हे बोललाच नाहीत असं मी समजतो.”

शनिवार गेला. दुसऱ्या फ्रायरमधून बाराशे पुडे निघाले आणि कुणालाही काही झाले नाही, कारण ज्यांना काही होऊ शकत होते असे कुणी त्या दिवशी आले नाही. महानंदाला या निवांतपणाचाच राग येत होता. लोक बोटे चाटत होते. “घाण्याचं तेल म्हटल्यावर चवच वेगळी,” असे एक आजोबा नसीमाला सांगून गेले. खरे होते ते. चव वेगळी होती, वास वेगळा होता, फेस वेगळा येत होता. तिच्या प्रत्येक इंद्रियाला जे कळत होते ते फक्त नोंदीला कळत नव्हते. आणि नोंद हीच आता खरी झाली होती. संध्याकाळी घरी जाताना तिने स्वतःच्या बोटांचा वास घेतला आणि तिला वाटले, आपण चुकत तर नाही? एकदा चुकलेल्या माणसाला पुन्हा बरोबर असण्याचा अधिकार कधी मिळतो, हे तिला कुणी सांगितले नव्हते.

रविवारी तिची पाळी बाराला सुरू होणार होती. ती अकरापासून दाराशी उभी राहिली. गड्डम बापलेक पाचच्या सुमारास येतात हे तिला माहीत होते, तरी. साडेचारच्या सुट्टीत पुन्हा पंधरा मिनिटे उभी राहिली. मुलीचे आडनाव तिला नसीमाकडून कळले होते. फोन क्रमांक मात्र यंत्राकडे होता, आणि तो कुणाला न देण्याइतके ते प्रामाणिक होते. पावणेपाचला तिला आत जावेच लागले. स्वयंपाकघर आता बंदिस्त असे. बाहेरचा कणही आत येऊ नये म्हणून दोन दारांमध्ये एक वाऱ्याची खोली होती. तिच्यातून जाता-येताना चार मिनिटे उभे राहून अंग झटकून घ्यावे लागे, तोवर दुसरे दार उघडत नसे.

“नसीमा, ती पोरगी आली की सांग तिच्या वडलांना.”

नसीमाने खिडकीवरच्या ध्वनिग्राहकाकडे बोट केले. तिला यापूर्वी दोन ताकिदी मिळाल्या होत्या. घरात कमावणारी ती एकटीच होती. “ताई, सरळ नाही सांगता येणार. पण काय तरी करते. अल्लाकसम.”

पाच वाजून दहा मिनिटांनी ते आले. अन्विताने केसांना नवी पिवळी फीत बांधली होती. महानंदाला आतल्या ध्वनिवर्धकातून सगळे ऐकू येत होते.

“गड्डमसाहेब, आज... आज कणीस खावा की,” नसीमा म्हणाली. “भाजलेलं. लई भारी आलंय.”

“नको ओ. हफ्ताभर फ्राईज-फ्राईज करून डोकं खायलीय ही.”

“नाही, म्हंजे, कणसाला तेलच लागत नाही ना. बघा. अजिबातच लागत नाही.”

व्यंकटेश हसले. “कणसावर कमिशन मिळायलंय काय तुम्हाला?” मग ते सवयीने वर पाहत म्हणाले, “दिवा हिरवाय ना?”

नसीमा थांबली. ती किती थांबली हे नंतर नोंदीत सापडले असते: चार सेकंद.

“हिरवाय,” ती म्हणाली.

“मग द्या.”

मागणी आत उमटली. कोणता पुडा कोणत्या फ्रायरमध्ये तळायचा हे यंत्र ठरवी. त्याने दुसरा निवडला. टोपली आपोआप खाली गेली आणि पडद्यावर आकडे उलटे मोजले जाऊ लागले: दोन मिनिटे पन्नास. महानंदाने टोपली थांबवायचे बटण दाबले. ओंकारच्या टेबलावर घंटा वाजली असणार, कारण अर्ध्या मिनिटात टोपली पुन्हा सुरू झाली आणि तिचे बटण निकामी झाले. रविवारी गर्दीच्या वेळी फ्रायर थांबवणे त्याला परवडणारे नव्हते. तिने काचेवर मूठ आपटली. पुन्हा आपटली. जाड, दुहेरी काच होती, आणि ग्राहकांच्या गर्दीत तिच्यातली झडप यंत्र बंद ठेवी. बाहेर जेमतेम थापेइतका आवाज गेला असेल.

अन्विताने वळून पाहिले. आणि आनंदाने हात हलवला.

महानंदाने दोन्ही हात नकारार्थी हलवले. मुलीला तो नवा खेळ वाटला. तिनेही दोन्ही हात तसेच हलवले आणि वडिलांना कोपराने ढोसून दाखवले. त्यांनीही हसून मान डोलावली.

दोन मिनिटे पाच.

वाऱ्याच्या खोलीला चार मिनिटे लागणार होती. महानंदाने एकदा दाराकडे पाहिले, एकदा छताकडे. मग ती कोपऱ्यातल्या गोडेतेलाच्या उघड्या डब्याकडे गेली, लांब दांड्याची पळी तेलाने काठोकाठ भरली आणि पहिल्या फ्रायरमधल्या सूर्यफुलाच्या तेलात, कॅमेऱ्याला नीट दिसेल अशा बेताने, ओतली. एक जरी फ्रायर लाल झाला तरी सगळी खिडकी बंद होत असे.

कांडीला ओळख पटवायला वीस सेकंद लागत.

त्या वीस सेकंदांत तिच्या मनात जे चालले ते तिला पुढे कुठल्याही चौकशीत सांगता आले नसते. दिवा हिरवा राहिला, तर तिचे नाक खोटे, तिचे बालपण खोटे, आणि ती पोरगी सुरक्षित. लाल झाला, तर ती स्वतः खरी, आणि तिचा इथला दिवस संपला. तिला कळले, की आपण आयुष्यात पहिल्यांदाच पुरेपूर चुकीचे ठरावे म्हणून प्रार्थना करत आहोत. तेलावर बारीक फेस आला. अप्पांच्या सदऱ्याचा वास आला.

दिवा लाल झाला.

खिडकीचे पोलादी झाकण खाडकन खाली आले. दुसऱ्या फ्रायरमधली टोपली अर्ध्या तळणातच वर येऊन लोंबकळत राहिली. “पहिल्या फ्रायरमध्ये शेंगदाण्याचा अंश आढळला आहे,” तोच स्वच्छ आवाज म्हणाला. “वावडे असलेल्या ग्राहकांनी कृपया बाहेर जावे.” व्यंकटेशांनी मुलीला उचलले. ती आता काही उचलण्याइतकी लहान नव्हती, तरी उचलले. बाहेर धावत जाताना ते तिचे हात स्वतःच्या सदऱ्याला पुसत होते. तिची फीत सुटून दारात पडली.

पुढचे सगळे शांतपणे, नियमाप्रमाणे झाले. महानंदाला मागच्या दाराशी, रिकाम्या डब्यांच्या शेजारी बसवण्यात आले. शहरातल्या प्रत्येक नोंदणीकृत ग्राहकाला, त्या साऱ्या घाबरून जगणाऱ्या घरांना, यंत्राने संदेश पाठवला: ‘एका कर्मचाऱ्याच्या हेतुपुरस्सर कृतीमुळे सात रस्ता येथील एका फ्रायरमध्ये शेंगदाणा मिसळला गेला. दोन तासांत सेवा पूर्ववत होईल.’ तिने आतून पंपाचा आवाज ऐकला. पहिला फ्रायर रिकामा केला जात होता. घासला जात होता. मग डब्याचे झाकण उघडल्याचा आवाज आला आणि तो वास पुन्हा बाहेर आला. पहिल्या फ्रायरमध्येही आता तेच तेल भरले जात होते. कांडी त्याला दोन मिनिटांत शून्य धरणार होती.

ती उठून उभी राहिली. ओरडावे असे तिला वाटले. पण कुणाच्या नावाने ओरडावे हे न सुचल्यामुळे ती पुन्हा खाली बसली.

मुलीला घरी सोडून व्यंकटेश परत आले होते. हातात संदेश उघडा असलेला फोन होता, आणि रागाने त्यांचा आवाज बसला होता.

“तुम्ही घातलाव शेंगदाणा? माझी पोरगी समोर उभी असताना?”

“घातला नाही. होता.”

“मशीन म्हणतीय तुम्ही घातलाव.”

“दादा, मी फक्त ह्या डब्यातलं त्या फ्रायरमधी ओतलं. ह्याच डब्यातलं तेल गुरुवारपासून दोन नंबरमधी हाय. पोरीचा पुडा त्याच्यातच तळत हुता.”

“मग तिथं हिरवा कसा?”

तिने सांगितले, जसे सुचेल तसे, मागे-पुढे: ती दोन मिनिटे, शून्य धरणे, शरणप्पा, गोडेतेल. व्यंकटेश आधी ऐकत नव्हते. मग ऐकू लागले. त्यांच्या चेहऱ्यावरचा राग हळूहळू कामाच्या चेहऱ्यात बदलला, बिघडलेल्या मागाखाली वाकताना होत असेल तसा.

“म्हंजे काट्यावर आधीच धोंडा ठेवायचा,” ते सावकाश म्हणाले, “आन् तिथंच काटा शून्यावर आणायचा.”

“तसंच.”

“मग किती का वजन असंना, धोंडा दिसणारच नाही.” ते तिच्या शेजारच्या उलट्या डब्यावर बसले. “सहा रविवार मी हिला सांगायलोय. माणसं खोटं बोलतेत, दिव्यावर विश्वास ठेव.” त्यांनी खिशातले, गळा मिटू लागला तर टोचायचे इंजेक्शनचे पेन बाहेर काढले, पाहिले, पुन्हा आत ठेवले. “माझी पोरगी आता येणार नाही. पण बाकीची? नऊ दुकानं हायती.”

मागचे दार उघडून ओंकार आला. त्याच्या हातात टॅब होता आणि डोळे लाल झाले होते.

“ताई, चौकशीचा अर्ज भरल्याशिवाय तुम्हाला जाता येणार नाही. एकच प्रश्न आहे.”

तिने वाचले. ‘आपण फ्रायर क्रमांक एकमध्ये शेंगदाणायुक्त पदार्थ मिसळला काय?’ खाली दोन चौकोन होते. होय. नाही.

“‘नाही’ दाबा,” ओंकार घाईने, खालच्या आवाजात म्हणाला. “ऐका माझं. डबा प्रमाणित आहे, त्यात शेंगदाणा नाही अशी नोंद आहे. म्हणजे तुम्ही शेंगदाणा टाकलाच नाही! तेल सांडलं, कांडीत तात्पुरता बिघाड झाला. मी तसं लिहितो. नोकरी राहील तुमची. ‘होय’ म्हणालात तर... लहान मुलाच्या जिवाला धोका. त्याचं कलम वेगळं आहे, ताई.”

“न्हाई म्हटलं तर तेलाचं काय?”

ओंकारने टॅब तिच्यापुढे धरला.

तिला सारे एकदम स्वच्छ दिसले, उन्हात धरलेल्या बाटलीतून दिसते तसे. ‘नाही’ म्हटले, की कुठेच शेंगदाणा उरत नव्हता. फ्रायरमध्ये नाही, डब्यात नाही, नोंदीत नाही. तो फक्त कुणाच्या तरी मुलाच्या गळ्यात उरणार होता. शेंगदाणा आहे असे या यंत्राच्या जगात लिहून ठेवण्याची एकच जागा शिल्लक होती, आणि ती तिच्या गुन्ह्याची होती.

“विचार करा,” ओंकार म्हणाला. “तुम्हाला कोण विचारणार आहे पुढं?”

व्यंकटेश उठून तिच्या बाजूला उभे राहिले.

महानंदाने तेलकट बोट पदराला पुसले आणि ‘होय’वर टेकवले.

चौकोन मिटले. पडदा काही क्षण कोरा राहिला, इतका वेळ की ओंकारला वाटले अर्ज अडकला. मग त्यावर एक नवीन ओळ उमटली. तिच्याखाली चौकोन नव्हते, पर्याय नव्हते. बोलून उत्तर देण्यासाठी फक्त एक लहानशी जाळी उघडली होती, आणि गुरुवारपासून ज्याने तिला फक्त धन्यवाद दिले होते, तो आवाज पहिल्यांदाच तिला काही विचारत होता.

“शेंगदाणा आपल्याला कुठे मिळाला?”